"त्या पिच्चरचं काय झालं?"

(धाराशिव येथील जिल्हा बैठकीत केलेल्या भाषणाचा मजकूर)



विषयपत्रिकेवर माझ्या नावापुढे 'कपाशीवरील गुलाबी बोंडअळी' असे छापले आहे. त्यावर दोनच वाक्ये बोलतो. फरदड घेऊ नका आणि वेचणी संपली की पऱ्हाट्या शेतात उभ्या ठेवू नका. जळणासाठी बांधावर रचलेला पऱ्हाट्यांचा ढीग म्हणजे पुढच्या वर्षीच्या अळीचे बाळंतघर असते. बाकीचे सगळे पत्रकात आहे, ते घरी नेऊन वाचा. आज मला बोलायचे आहे ते एका सिनेमाबद्दल.

हसा, हरकत नाही. कृषी पदवीधर माणूस मोंढ्याचे सोडून सिनेमाचे बोलायला लागला म्हणजे त्याचे काहीतरी बिनसले आहे असे वाटणारच. पण गेल्या महिन्यात कार्यकर्त्यांच्या बैठकीत मी सुचवले होते, की ज्वारीची काढणी-मळणी आटोपली की आनंद पटवर्धन यांचा 'जय भीम कॉम्रेड' हा माहितीपट आपण गावागावांत दाखवू. त्यावर दोन आक्षेप आले. पहिला उघड आला. सिनेमा दाखवून ज्वारीला भाव मिळतो का? दुसरा बैठकीत कोणी बोलले नाही. बैठक संपल्यावर चहाच्या टपरीवर एका जुन्या, माझ्यापेक्षा वयाने मोठ्या कार्यकर्त्याने मला बाजूला घेऊन सांगितले, "साहेब, तो पिच्चर त्यांचा आहे. आपल्या माणसांना पटायचा नाही. उगाच गावात दुफळी होईल." त्यांच्या मनात वाईट काही नव्हते. पण पहिल्यापेक्षा हा आक्षेप मला जड वाटला, म्हणून आज सगळ्यांसमोर बोलतो आहे.

त्याआधी माझी एक चूक सांगतो.

२०१५-१६ चा दुष्काळ तुम्हाला आठवतो. लातूरला रेल्वेने पाणी आणावे लागले, ते साल. तेव्हा आपल्या जिल्ह्यात कॅमेरेवाले फार येत. असाच एक चमू शहरातून आला आणि मला म्हणाला, कर्जापायी जीव दिलेल्या शेतकऱ्याचे घर दाखवा. मी दाखवले. माझ्या मोटारसायकलीमागे त्यांची गाडी. घरात बाई, दोन लेकरे आणि सासू. नवऱ्याला जाऊन चार महिनेही झाले नव्हते. त्यांनी तिला भिंतीवरचा फोटो काढून हातात धरायला लावले. उजेड बरोबर नाही म्हणून फोटो घेऊन अंगणात यायला सांगितले. मग घागर घेऊन विहिरीपर्यंत जायला सांगितले. विहीर कोरडी होती, तरी ती गेली. पाठीमागून चित्रण नीट आले नाही म्हणून पुन्हा एकदा जायला सांगितले. तीही निमूट गेली, कारण मी बरोबर होतो. संघटनेच्या साहेबाने आणलेली माणसे आहेत, म्हणजे काहीतरी चांगलेच होईल, असे तिला वाटले असणार. मी बाजेवर बसून चहा पीत होतो.

पुढे तीन वर्षांनी ती मला बसस्थानकावर भेटली. दवाखान्यात आली होती. हालहवाल झाली आणि तिने विचारले, "भाऊ, त्या पिच्चरचं काय झालं?" मला सांगता येईना. तो चित्रपट झाला की नाही, कुठे दाखवला, त्यात ती आहे की नाही, मला काहीच ठाऊक नव्हते. मी त्यांना दोनदा फोन केले होते, पण उत्तर नव्हते. ती म्हणाली, "न्हाई, सहज इचारलं. लेकरं म्हनत्यात, आपल्या बापाचा फोटो त्येंच्याकडं हाय." मी तिला एसटीत बसवून दिले. तेव्हापासून हा प्रश्न माझ्या डोक्यात आहे. आपले दुःख कोणीतरी येऊन टिपून नेते, ते जाते कुठे? आणि ते आपल्याला परत का मिळत नाही?

म्हणून मला आनंद पटवर्धन या माणसाबद्दल कुतूहल वाटले. हा माणूस पन्नास वर्षे चळवळींचे चित्रण करतो आहे, आणि जे टिपतो ते घेऊन पुन्हा त्याच वस्तीत जातो.

पटवर्धन यांचा जन्म १९५० चा, मुंबईचा. नगरचे रावसाहेब पटवर्धन आणि बेचाळीसच्या लढ्यात भूमिगत राहिलेले अच्युतराव पटवर्धन हे त्यांचे काका. मुंबईत पदवी घेऊन १९७० मध्ये ते शिष्यवृत्तीवर अमेरिकेत शिकायला गेले. तो काळ तिकडे मोठ्या उलथापालथीचा होता. व्हिएतनामच्या युद्धाविरुद्ध कॉलेजची पोरे रस्त्यावर होती. केस वाढवलेली, गिटार घेतलेली, आईबापांचे, सरकारचे, बाजाराचे काहीच मानायचे नाही म्हणणारी ती पिढी. त्यातली निम्मी पुढे नोकरीला लागली आणि आईबापांसारखीच झाली, हे सोडून द्या. पण काहीजण युद्धविरोधी मोर्च्यातून निघाले ते थेट शेतमजुरांच्या तळावर गेले. पटवर्धन त्यातले. सीझर चावेझ यांच्या शेतमजूर युनियनमध्ये त्यांनी स्वयंसेवक म्हणून काम केले.

चावेझ यांची गोष्ट आपल्या लोकांना ठाऊक असायला हवी. कॅलिफोर्नियात डेलानो नावाचा द्राक्षांचा मुलूख आहे. १९६५ च्या सप्टेंबरात तिथल्या फिलिपिनो मजुरांनी संप पुकारला आणि चावेझ यांच्या मेक्सिकन मजुरांची संघटना त्यांना जाऊन मिळाली. संप पाच वर्षे चालला. नुसत्या संपाने बागाईतदार नमेनात, तेव्हा त्यांनी शहरातल्या गिऱ्हाइकांना हाक घातली की ही द्राक्षे विकत घेऊ नका. लाखो घरांनी द्राक्षे खाणे सोडले, तेव्हा १९७० मध्ये मालकांनी करार केले. चावेझ गांधींना मानणारे होते. १९६८ मध्ये त्यांनी पंचवीस दिवसांचे उपोषण केले. आणि या संपाचे स्वतःचे कलापथक होते. मालट्रकचा हौदा हाच रंगमंच. मजूर मजुरांसमोर नाटुकली करत, मालकाची आणि मुकादमाची टिंगल करत. आपल्याला यात नवे काय? सत्यशोधक जलसे, आंबेडकरी जलसे, अण्णाभाऊ साठे, आणि आपल्या शेजारच्या बार्शीचे शाहीर अमर शेख यांनी हेच केले. डफ वाजला की माणसे जमतात, आणि जमलेल्या माणसांना पोट धरून हसवता आले की त्यांची मालकाबद्दलची भीती अर्धी होते.

(आपल्यात काही द्राक्षबागाईतदार बसले आहेत. त्यांनी अस्वस्थ होऊ नये. अजून पुढे बरेच यायचे आहे.)

परत आल्यावर पटवर्धन मध्य प्रदेशात किशोर भारती या संस्थेच्या ग्रामीण शिक्षणाच्या कामात राहिले. मग १९७४ मध्ये बिहारचे आंदोलन पेटले. जयप्रकाशजींनी पाटण्याला ४ नोव्हेंबरचा मोर्चा ठरवला. पोलिस लाठ्या चालवणार हे दिसतच होते, तेव्हा त्याचे चित्रण करून ठेवावे असे ठरले. पटवर्धन यांच्याकडे ना पैसा, ना यंत्र. घरगुती समारंभात हौशी लोक वापरायचे तसला छोटा कॅमेरा त्यांनी मित्राकडून मागून आणला. त्यावर जे टिपले ते पडद्यावर दाखवून, पडद्यावरून पुन्हा दुसऱ्या मोठ्या कॅमेऱ्याने टिपले. जुन्या बैलगाडीचे चाक काढून नव्या गाडीला बसवावे तसा तो उद्योग. त्यातून 'क्रांती की तरंगें' हा चित्रपट झाला. तो होतो न होतो तोच जून १९७५ मध्ये आणीबाणी आली. मग चित्रपटाचे तुकडे करून ते निरनिराळ्या लोकांच्या हाती देशाबाहेर पाठवले आणि बाहेर पुन्हा जोडले. आणीबाणी उठल्यावर १९७८ मध्ये राजबंद्यांवरचा 'जमीर के बंदी' आला.

मधल्या काळात ते शिकायला कॅनडात होते. तिथे केलेल्या चित्रपटाकडे आपल्या लोकांनी विशेष लक्ष द्यावे. १९८१ चा हा चित्रपट जिम मन्रो यांच्याबरोबर केलेला आहे, नाव 'अ टाइम टु राइज', म्हणजे उठायची वेळ झाली. कॅनडाच्या पश्चिम टोकाला ब्रिटिश कोलंबिया नावाचा प्रांत आहे. तिथल्या शेतांवर आणि बोरांसारख्या फळांच्या बागांवर राबणारे मजूर बहुतेक पंजाबातून आणि चीनमधून गेलेले. पंजाबातून गेलेल्यांत म्हातारीकोतारी माणसे, बायका पुष्कळ. तोडणी वजनावर. मध्ये ठेकेदार. तोच कामावर नेणार, तोच मजुरी वाटणार, आणि वाटताना आपला हिस्सा काढून घेणार. ठेकेदारही बहुधा आपल्याच देशचा, आपलीच भाषा बोलणारा. राहायला कोंबड्यांच्या खुराड्यासारख्या खोल्या. १९८० च्या एप्रिलमध्ये या मजुरांनी युनियन काढली आणि पटवर्धन कॅमेरा घेऊन त्यांच्यात होते.

भूम, वाशी, कळंबकडच्या मंडळींना यात काही ओळखीचे वाटते का? ठेकेदाराच्या जागी मुकादम म्हणा. वजनावर तोडणी आहे, तिथे टनावर ऊसतोड म्हणा. उचल घेतलेला कोयता दिवाळीच्या सुमारास गाव सोडतो आणि कारखान्याच्या तळावर पालात सहा महिने काढतो. हे सगळे कॅनडासारख्या श्रीमंत देशात, एकेकाळी पंजाबात स्वतःची जमीन कसणाऱ्या घरांतल्या माणसांच्या वाट्याला आले. आणि वजनावर मजुरी मोजणारा काटा आपल्याही खळ्यात आहेच. कपाशीची वेचणी आपण किलोवरच देतो. त्या काट्याच्या एका बाजूला बाई उभी असते आणि दुसऱ्या बाजूला आपण. आजवर आपण सगळी भाषणे काट्याच्या आपल्या बाजूने केली. व्यापारी आपल्याला काट्यात मारतो हे आपण ओरडून सांगतो, आणि ते खरेच आहे. पण पलीकडून कसे दिसते, हे पाहायची वेळ आपल्यावर क्वचितच आली.

मुंबईत परत येऊन त्यांनी १९८५ मध्ये 'हमारा शहर' केला, झोपडपट्ट्या पाडण्यावरचा. बहात्तरच्या दुष्काळात आपल्या भागातून जी कुटुंबे मुंबईला गेली ती परत आली नाहीत. तुमच्यापैकी कितीजणांचे चुलते, मावश्या तिकडे आहेत ते तुम्हीच पाहा. या चित्रपटात एक प्रसंग आहे. झोपडी पाडली गेलेली एक बाई कॅमेऱ्याकडे वळते आणि चित्रण करणाऱ्यांनाच झोडपते. तुम्ही आमचे फोटो काढून नेणार, नाव मिळवणार, आमचे काय होणार, असा तिचा सूर आहे. दुसऱ्या कोणी असते तर तो तुकडा कापून टाकला असता. पटवर्धन यांनी तो चित्रपटात ठेवला. मी तो प्रसंग पाहिला तेव्हा मला बसस्थानकावरची बाई आठवली. फरक एवढाच की आमच्या बाईने राग केला नाही, नुसते विचारले.

त्यांच्या कोर्टकचेऱ्यांची कथा मोठी आहे, थोडक्यात सांगतो. सरकारने बक्षीस द्यायचे आणि सरकारच्याच दूरदर्शनने चित्रपट दाखवायला नकार द्यायचा, असे पुन्हा पुन्हा झाले. दरवेळी हा माणूस न्यायालयात गेला. अयोध्येवरचा 'राम के नाम' १९९२ चा. तो दाखवण्याचा आदेश मुंबई उच्च न्यायालयाने १९९६ मध्ये दिला. अण्वस्त्रांच्या विरोधातल्या 'जंग और अमन'ला सेन्सॉरने कात्री लावायला सांगितले, २००३ मध्ये उच्च न्यायालयाने एकही काप न देता तो मोकळा केला. आणखी एका चित्रपटासाठी प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले, २००६ मध्ये निकाल बाजूने लागला. पीकविम्यासाठी दोन हेलपाटे घालून दमणाऱ्या आपल्यासारख्यांनी ही चिकाटी बघून ठेवावी. नर्मदेकाठच्या मणिबेलीच्या लोकांबरोबर ते राहिले, समुद्रावरच्या मच्छीमारांबरोबर राहिले. ते सगळे सांगत बसलो तर तुमची शेवटची एसटी जाईल.

आता 'जय भीम कॉम्रेड'कडे येतो.

'हमारा शहर'मध्ये एक शाहीर गातो. विलास घोगरे त्याचे नाव. दलित समाजातला, मुंबईच्या झोपडपट्टीत राहणारा, डाव्या कलापथकात गाणारा. आवाज असा की ऐकणारा उभा राहतो. ११ जुलै १९९७ ला सकाळी घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला आढळला. लोक चिडून महामार्गावर जमले. राज्य राखीव पोलिसांची तुकडी आली आणि तिने गोळीबार केला. दहा माणसे मेली. चार दिवसांनी, १५ जुलैला, विलास घोगरेने आपल्या खोलीत गळफास घेतला. कपाळाला निळे फडके बांधलेले होते. ज्या पथकासाठी तो गात होता त्या पथकाने त्याला आधीच बाहेर काढले होते.

पटवर्धन यांचा तो मित्र. त्या मरणाचा अर्थ लावायला म्हणून त्यांनी कॅमेरा उचलला आणि चौदा वर्षे खाली ठेवला नाही. गोळीबार झाला त्या घरांत ते वर्षानुवर्षे जात राहिले. पोलिसांचे म्हणणे होते की जमाव गॅसचे टँकर पेटवणार होता. चित्रपट तो दावा तपासतो, टँकर कुठे होते आणि माणसे कुठे मेली हे दाखवतो. न्यायमूर्ती गुंडेवार आयोगाने गोळीबाराला दोष दिला. २००९ मध्ये सत्र न्यायालयाने त्या तुकडीच्या अधिकाऱ्याला जन्मठेप दिली, वरच्या न्यायालयात त्याला जामीन मिळाला. या सगळ्या काळात त्या वस्तीतली पोरे मोठी झाली, म्हाताऱ्या वारल्या, पुढारी या पक्षातून त्या पक्षात गेले, आणि कॅमेऱ्याने ते सगळे पाहिले. शेवटी पुण्याच्या कबीर कला मंचाची तरुण पोरे येतात, शीतल साठे गाते, आणि विलासचा आवाज जिथे बंद पडला तिथून पुढे कोणीतरी गाते आहे असे वाटते. पुढे त्या पोरांवर नक्षलवादी असल्याचा ठपका आला. २०१३ च्या एप्रिलमध्ये शीतल साठे आणि सचिन माळी विधानभवनासमोर येऊन अटकेला सामोरे गेले. त्यांच्या बचावासाठी जी समिती उभी राहिली तिच्यात पटवर्धन होते. चित्रपट झाला, बक्षीस मिळाले, आता माझा संबंध संपला, असे त्यांनी म्हटले नाही.

आणि तयार झाल्यावर तो चित्रपट कुठे दाखवला? भायखळ्याच्या बीआयटी चाळीत, उघड्यावर. मग रमाबाई नगरात. ज्यांची माणसे मेली होती त्यांच्यासमोर. तीन तास वीस मिनिटांचा तो चित्रपट. बाईच्या प्रश्नाला मला सापडलेले उत्तर हेच आहे. चित्रपटाचे काय झाले, तर तो तुमच्या दारात आणून दाखवला.

आता दुसरा आक्षेप. हा चित्रपट 'त्यांचा' आहे.

माझा जन्म १९७८ चा. त्या वर्षी २७ जुलैला विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचे नाव देण्याचा ठराव केला आणि मराठवाडा पेटला. दलितांची घरे जळाली, माणसे मारली गेली. नामविस्तार व्हायला १४ जानेवारी १९९४ उजाडावा लागला. माझ्या गावात घर जळाले नाही, हे आमच्या घरात अभिमानाने सांगितले जाई. वडील म्हणत, आपल्या गावात काही झाले नाही. मी विद्यापीठात शिकून आलो, संघटनेत आलो, भाषणे करू लागलो, तोवर हेच खरे मानत होतो. 'जय भीम कॉम्रेड' पाहून घरी आलो तेव्हा आईला सहज विचारले. ती ज्वारी निवडत होती. मान वर न करता म्हणाली, "जाळलं न्हाई. पर मूग गेला त्या साली." म्हणजे काय? तर त्या श्रावणात गावाने ठरवले, वस्तीतल्या कुणाला कामाला बोलवायचे नाही. मुगाच्या शेंगा वाळून तडकून रानात पडल्या, पण वस्तीतल्या बाईला तोडायला बोलावले नाही. पंधरा-वीस दिवस त्यांच्या चुली कशा पेटल्या ते आईला ठाऊक नव्हते. मी तेव्हा पाळण्यात होतो आणि ज्या दाईने माझी नाळ कापली ती त्याच वस्तीतली होती, हेही आईनेच सांगितले. आमचा मूग गेला म्हणजे आमचे नुकसान झाले, एवढीच त्या सालाची नोंद आमच्या घरात उरली होती.

खैरलांजी या चित्रपटात येते. २९ सप्टेंबर २००६, भंडारा जिल्हा. भोतमांगे कुटुंबाच्या शेतातून जाणाऱ्या वाटेचे भांडण त्याच्या मुळाशी होते. वाटेचे भांडण! आपल्या तहसीलात अशी किती प्रकरणे पडून आहेत? बांध कोरणे, वाट अडवणे, हे आपल्यात भाऊभाऊही करतात. पण समोरचा माणूस वस्तीतला असला की त्याच भांडणाचा शेवट वेगळा होतो, हे आपल्याला माहीत आहे. माहीत आहे म्हणूनच चित्रपट पटायचा नाही.

आणखी एक उदाहरण देतो. निपाणी. ६ एप्रिल १९८१ ला तिथे तंबाखूच्या भावासाठी बसलेल्या शेतकऱ्यांवर गोळीबार झाला, शेतकरी मारले गेले. शेतकरी चळवळीत त्या दिवसाचे नाव आजही घेतले जाते. त्याच निपाणीत, त्याच सुमारास, तंबाखूच्या वखारीत राबणाऱ्या बायका मजुरीसाठी आणि माणसासारख्या वागणुकीसाठी संप करत होत्या. 'युगांतर' नावाच्या बायकांच्या गटाने त्यांच्याबरोबर राहून १९८२ मध्ये 'तंबाखू चाकिला ऊब आली' हा माहितीपट मराठीत केला. एकच गाव, एकच तंबाखू. तंबाखू पिकवणाऱ्याची गोष्ट आपण सांगतो. ती कुटून, चाळून ज्यांची छाती भरते त्या बायकांची गोष्ट आपल्या किती सभांतून सांगितली गेली?

पटवर्धन यांचे सगळेच मला पटते असे नाही. त्यांच्या चित्रपटात गावाकडचा जमीनवाला दिसतो तो बहुतेक जातीच्या अंगाने. चार एकर कोरडवाहू कसणारा, पाऊस हुकला की दुसऱ्या दिवशी मजूर होणारा जमीनवाला त्यात मला भेटत नाही. भावाचा प्रश्न तर नाहीच. माणूस मुंबईचा, त्याला वाफसा काय कळणार, असेही एकदा वाटून गेले. पण मग मनात आले, ते त्यांनी का दाखवावे? ते आपले काम. आपल्या आंदोलनांचे आपल्याजवळ काय आहे? वर्तमानपत्रांची पिवळी पडलेली कात्रणे, तीही अर्धी कसरीने खाल्लेली. ज्यांनी तुरुंग भोगला त्यांतले कितीतरी गेले. त्यांचा आवाज कुणाकडे नाही. आता प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे, बिहारच्या मोर्चात पटवर्धन यांच्याकडे होता त्याहून कितीतरी चांगला. त्यात आपण काय टिपतो? पुढाऱ्याचा सत्कार आणि वाढदिवसाचा केक.

तेव्हा मी तीन गोष्टी सुचवतो, कार्यकारिणीने आजच निर्णय करावा.

बाहेरून कोणीही चित्रण करायला आला, तर यापुढे त्याला आपण कुणाच्या घरी नेणार नाही, जोवर तो लेखी देत नाही की तयार झालेली वस्तू त्या घरात आणून दाखवेल. नाही म्हणाला तर त्याने दुसरी वाट धरावी. मीही हाच नियम पाळीन.

दुसरे असे, की प्रत्येक तालुक्यातून एक मुलगा आणि एक मुलगी निवडावी. जुन्या कार्यकर्त्यांकडे, कार्यकर्तींकडे जाऊन त्यांनी दोन-दोन तास बोलते करावे आणि टिपून ठेवावे. वेचणीला, खुरपणीला येणाऱ्या बायांनाही बोलते करावे. त्या आपल्याबद्दल काय बोलतील याची भीती वाटत असेल, तर आधी त्यांच्याकडेच जावे.

आणि चित्रपट. तो दाखवायचाच, असे माझे म्हणणे आहे. पडदा म्हणून पांढरे धोतर चालेल, यंत्र माझ्याकडे आहे. वाद आहे तो जागेचा. काहीजण म्हणतात मारुतीच्या पारासमोर दाखवू, सगळे गाव येईल. सगळे गाव तिथे येते का, हे ज्याचे त्याने मनाशी पाहावे. मी म्हणतो वस्तीतल्या समाजमंदिरासमोर दाखवावा. आपण घरून सतरंज्या न्याव्यात आणि तिथे जाऊन बसावे. तीन तास वीस मिनिटे आहे, मध्ये चहा लागेल. चहा तिथल्याच घरांत होईल आणि तो सगळ्यांनी प्यायचा आहे.

पहिला खेळ माझ्या गावात करू. तारीख तेवढी ठरवायची आहे. ज्वारी खळ्यातून घरात आल्यावर, पण लग्नसराईच्या आधी. ज्यांना यायचे आहे त्यांनी जाताना माझ्या वहीत नाव लिहावे.